बूटवाली आत्या

वणीच्या निशिगंधाला माणसांचे चेहरे लवकर आठवत नाहीत, कपडे आठवतात. पाचवीतल्या बाईंचं नाव ती विसरली, पण त्यांच्या पदराला उलटी लावलेली सेफ्टी पिन तिला अजून दिसते. वडील मधुसूदन भूमी अभिलेख कार्यालयात होते, आजोबाही सरकारी नोकरीतच. घरात फायली, मोजणीचे नकाशे आणि वर्तमानपत्रांचे गठ्ठे. त्या घरात ही मुलगी शिंप्याच्या दुकानातून चिंध्या गोळा करून आणायची आणि कंपासपेटीत ठेवायची.

सुट्ट्या लागल्या की ती मुकुटबनला जायची, आत्याकडे. इंदुताई म्हणजे मधुसूदनरावांची थोरली बहीण. तिचे यजमान वामनराव अटॅकनं गेले तेव्हा ती बेचाळीस वर्षांची होती. मूलबाळ नव्हतं. शेती बटाईनं द्या म्हणून सगळ्यांनी सांगितलं, तिनं ऐकलं नाही. कपाशी, सोयाबीन आणि तुरीचं बारा एकराचं वावर तेव्हापासून तीच पाहते.

वावरात जाताना इंदुताईचा एक ठरलेला वेश असायचा. पोटऱ्यांपर्यंत खोचलेलं लुगडं, त्यावर वामनरावांचा पूर्ण बाह्यांचा पांढरा शर्ट, मनगटावर त्यांचंच मोठ्या डायलचं घड्याळ. चष्म्याला परकराच्या लाल नाडीची दोरी. खिशाला दोन पेन. आणि पायांत शाळेतली मुलं घालतात तसले कॅनव्हासचे बूट. शर्टाच्या खिशातून पेन खाली पडत म्हणून चौदा वर्षांच्या निशिगंधानं त्या खिशाला आतून दोन कप्पे शिवून दिले होते. तिनं दुसऱ्याच्या अंगावरच्या कपड्याला लावलेला तो पहिला टाका. इंदुताई महिनाभर येईल त्याला तो खिसा दाखवत होती.

बारावीनंतर निशिगंधा नागपूरला फॅशन डिझाइन शिकायला गेली, ती आत्यामुळेच. मधुसूदनराव तयार नव्हते. इंदुताई एसटीनं वणीला आली, भावासमोर बसली आणि म्हणाली, "पोरीचा हात चांगला आहे मधू. तिले कायले अडवतं? जाऊ दे."

नागपूरनंतर मुंबई. पहिली आठ-नऊ वर्षं निशिगंधा दुसऱ्या डिझायनरच्या हाताखाली होती. बटणं लावणं, इस्त्री करणं, कोणत्या सीनमध्ये कोणाच्या गळ्यात कोणतं मंगळसूत्र होतं याचे फोटो ठेवणं, हे तिचं काम. नवा कपडा जुना कसा करायचा ते ती तिथं शिकली. चहाच्या पाण्यात बुडवायचा, कॉलर पॉलिश पेपरनं घासायची, कोपरांवर दगड फिरवायचा. एकतिसाव्या वर्षी तिला पहिली स्वतःची मालिका मिळाली. ठाण्याच्या एका सोसायटीतलं कुटुंब आणि त्यांच्याकडे गावाहून येऊन राहिलेली, सगळ्यांची फजिती करणारी एक आत्या. आत्याच्या भूमिकेत राखी नावाची नाटकातून आलेली नटी होती.

शूटिंगला आठ दिवस उरले तरी आत्याचा वेश पसंत पडेना. दिग्दर्शक राजकुमार याने तीन लुक टेस्ट नाकारल्या.

"नऊवारी, नथ, डोक्यावर पदर. हे मी शंभरदा पाहिलंय," तो म्हणाला. "तू विदर्भातली ना? मग खरी बाई आण की एखादी."

त्या दुपारी निशिगंधानं कागद घेतला आणि पंधरा मिनिटांत चित्र काढलं. फोटो पाहायचीही गरज पडली नाही. लुगडं, पुरुषी शर्ट, घड्याळ, लाल नाडी, दोन पेन, बूट. मग डिझायनर म्हणून तिनं त्यात भर घातली. शर्ट दोन मापं मोठा केला. एका पेनाची शाई खिशातून गळलेली दाखवली. एका बुटाची नाडी हिरवी, दुसऱ्याची गुलाबी, आणि चालताना चूंचूं वाजावेत म्हणून तळव्यांना रबराच्या पट्ट्या. राखी तो वेश करून फ्लोअरवर आली आणि लाइटवाल्यांपासून चहावाल्यापर्यंत सगळे हसायला लागले. राजकुमार टाळ्या वाजवत होता. निशिगंधा कोपऱ्यात उभी होती. इतकी वर्षं आपण याच क्षणासाठी राबलो असं तिला वाटलं. आत्याला एक फोन करावा, असं तिच्या मनातसुद्धा आलं नाही. नंतर तिला सगळ्यात जास्त टोचलं ते हेच. मुद्दाम लपवलं असतं तर निदान आपण चुकतोय हे आपल्याला माहीत होतं असं तरी म्हणता आलं असतं.

मालिका मे महिन्यात सुरू झाली आणि चालली. लेखकांनी पात्राला सखूआत्या नाव दिलं होतं, पण लोक तिला बूटवाली आत्या म्हणू लागले. ती अडाणी होती. खिशाला दोन पेन, पण वाचता येत नाही, हा तिचा कायमचा विनोद. तिच्या चालण्याचे तुकडे मोबाइलवर फिरायला लागले. गणपतीच्या सुमारास वाहिनीच्या घरगुती सोहळ्यात निशिगंधाला उत्कृष्ट वेशभूषेची ट्रॉफी मिळाली. तिनं मुकुटबनला फोन लावला.

"आत्या, मला बक्षीस मिळालं!"

पलीकडे थोडा वेळ काहीच आवाज आला नाही.

"चांगलं झालं बाई," इंदुताई म्हणाली. "जेवली का तू?"

नेटवर्क खराब असेल, असं निशिगंधाला वाटलं.

दिवाळीला चार दिवस उरले असताना मधुसूदनरावांचा फोन आला. इंदुताईच्या पायात सोयाबीनचं धसकट घुसलं होतं. सोंगणी झालेल्या वावरात कापलेल्या झाडांचे खुंट वर येतात, एखाद्या खिळ्यासारखे. इंदुताईला शुगर होती, पायाला दुखणं फारसं कळायचं नाही. दहा दिवस ती हळद लावून फिरत राहिली. पाय काळा पडायला लागला तेव्हा वावरात कामाला येणाऱ्या जंगूबाईनं तिला बळजबरीनं गाडीत घातलं. यवतमाळच्या दवाखान्यात तिच्या उजव्या पायाची दोन बोटं काढावी लागली.

निशिगंधा पोचली तेव्हा आत्या झोपली होती. पलंगाशेजारी जंगूबाई आत्राम बसली होती. झरी जामणीकडच्या कोलाम आदिवासींच्या पोडावरची, म्हणजे वस्तीवरची, ही बाई वीस वर्षांपासून इंदुताईच्या वावरात कामाला येत होती आणि निशिगंधाला लहानपणापासून ओळखत होती.

"धसकट घुसलंच कसं?" निशिगंधानं विचारलं. "बूट फाटले होते का?"

"बूट?" जंगूबाई तिच्याकडे पाहत राहिली. "बूट घालनं सोडलं ना बाईनं. पोळ्यापासून."

"काहून?"

जंगूबाईनं एकदा पलंगाकडे पाहिलं, मग उठून निशिगंधाला व्हरांड्यात नेलं आणि तिथं सांगितलं. पोळ्याच्या बाजाराला इंदुताई नेहमीसारखी वावरातून तशीच गेली होती, बैलांचा साज घ्यायला. मोबाइलच्या दुकानासमोर दोन-चार जणांनी "बूटवाली आली, बूटवाली आली" म्हणून ओरडायला सुरुवात केली. एकानं तिच्या मागून चालत व्हिडिओ काढला, त्यावर मालिकेचं गाणं टाकलं आणि संध्याकाळपर्यंत तो अख्ख्या गावात फिरला. बाजारातल्या ओळखीच्या बायाही हसल्या.

"बाई तशीच पुढं गेली," जंगूबाई म्हणाली. "एसटी स्टँडच्या वट्ट्यावर बसली. बूट काढले, थैलीत टाकले, साजाच्या खाली. अन् घरापर्यंत अनवाणी गेली. म्या मांगं होती. दुसऱ्या दिवशीपासून ना बूट, ना तो शर्ट."

निशिगंधानं हिशेब केला नाही, तो आपोआप झाला. पोळा गणपतीच्या आधी येतो. आपण ट्रॉफीचा फोन केला तेव्हा आत्या अनवाणी वावरात जात होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मधुसूदनराव औषधं आणायला खाली गेले, तेव्हा ती आत्याच्या पलंगावर बसली. दोन वाक्यं जुळवून आणली होती, ती आठवेनात.

"आत्या, ते कपडे मी..."

"मले माहीत आहे," इंदुताई म्हणाली.

"कधीपासून?"

"पह्यल्याच दिवशी. टीव्हीवर तुह्यं नाव येते म्हणून मीच बाया बलावल्या होत्या. पंधरा-सोळा जणी होत्या घरात. चहा ठेवला होता. तुह्यं नाव आलं, आम्ही टाळ्या वाजवल्या. मंग ती बाई आली. सगळ्या हसल्या. मंग एकेक माह्याकडं पाहून गप झाली. तेच लई वाईट झालं. हसत राह्यल्या असत्या तर मीही हसली असती."

"मग मला बोलली काहून नाहीस?"

"काय बोलू? तुह्यं काम होतं. पह्यलंच काम."

निशिगंधा रडायला लागली. इंदुताईनं तिला रडू दिलं. जवळ घेतलं नाही, गप बस असंही म्हणाली नाही. त्यातच राखीचा मेसेज आला. निशिगंधानं आदल्या संध्याकाळी तिला सगळं कळवलं होतं. आत्यांशी बोलून माफी मागायची आहे, असं राखीनं लिहिलं होतं. निशिगंधानं फोन पुढे केला.

"तिचा काय दोष?" इंदुताई म्हणाली. "तिनं ते कपडे घातले. तू माह्ये काढले."

निशिगंधानं व्हरांड्यात जाऊन राजकुमारला फोन लावला. सखूआत्याचा वेश बदलू, असं म्हणाली. कारणही सांगितलं. त्याला वाईट वाटलं, ते खोटं नव्हतं. पण तो म्हणाला, "लोक त्या बुटांसाठीच बघतात. आता ते माझ्याही हातात नाही." निशिगंधानं काम सोडलं. आपण सोडल्यावर काहीतरी होईल, अशी तिला आशा होती. तसं काही झालं नाही. वेशाचे सगळे फोटो, मापं, राखीव जोड तिनंच नीट लावून ठेवले होते; नव्या मुलीनं तिसऱ्या दिवशी काम उचललं. मालिका पुढे आणखी पाच महिने चालली आणि बूट चूंचूं वाजत राहिले.

मग तिला वाटलं, आपण उघडपणे सांगावं. एक व्हिडिओ करावा, हे कपडे कोणाचे, ती बाई कोण, हे लोकांना कळू द्यावं. मुकुटबनला घरी आणल्यावर तिनं आत्याला तसं विचारलं.

इंदुताई पाय उशीवर ठेवून तुरीच्या शेंगा सोलत होती. "म्हणजे पुन्हा माह्यावरच कॅमेरा लावतं?" ती म्हणाली. निशिगंधानं तो विषय पुन्हा काढला नाही.

ती तिथंच राहिली. रोज सकाळी पायाची पट्टी बदलायची. पहिल्या दिवशी तिला त्या जागेकडे पाहवत नव्हतं. आत्या म्हणाली, "पाह्य. पाह्यल्याशिवाय नीट बांधल्या जात नाही." मग ती पाहून बांधायला शिकली.

कापसाची वेचणी आली. वावरात कोणीतरी घरचं हवं होतं. इंदुताईनं तिला सरळ सांगितलं, "तू जाय." निघताना जंगूबाईनं तिच्या अर्ध्या बाह्यांच्या कुर्त्याकडे पाहिलं. "हे नको घालू. बोंडं ओरखडतेत. तो शर्ट घाल ना वर." शर्ट खोलीतल्या खुंटीवर होता, धुऊन, घडी मोडून टांगलेला. निशिगंधानं तो काढला तशी आतून इंदुताईची हाक आली.

"तो नको घालू."

"काहून आत्या? तुझाच तर आहे."

"माह्या होता. यजमान गेल्यावर अंगात घातला की बरं वाटे. आता हातात घेतला की ती टीव्हीवाली दिसते. तो तिचाच झाला."

निशिगंधानं शर्ट परत टांगला. कुर्त्यावरच वावरात गेली. दुपारपर्यंत कोपरापासून मनगटापर्यंत तिच्या हातांवर बारीक लाल रेघा उठल्या होत्या. वाळलेल्या बोंडाची टोकं सुईसारखी असतात, हे तिला इतक्या सुट्ट्या तिथं घालवूनही माहीत नव्हतं. लहानपणी ती बांधावर बसायची. आत्याचा वेश तिनं बांधावरूनच पाहिला होता.

जेवणाच्या वेळी सगळ्या बाया कडुलिंबाखाली बसल्या. एकीनं पिशवीतून कागद काढला. निराधार योजनेचा अर्ज होता. "बाई कधी येतीन?" तिनं विचारलं. "हे भरून पाह्यजे होतं."

"आत्या भरते?" निशिगंधानं विचारलं.

जंगूबाईला त्या प्रश्नाचं नवल वाटलं. "मंग दोन पेन कायले ठेवते? पोडावरच्या सगळ्या बाया इथंच अर्ज घेऊन येतेत. सही शिकवलेल्या बायाही हायेत. एक पेन कोणीतरी घेऊन जाते अन् आणून देत नाही. म्हणून दुसरा."

मॅट्रिक झालेल्या, वावरात बसून लोकांचे अर्ज भरणाऱ्या बाईचे पेन तिनं उचलले होते आणि वाचता न येणाऱ्या सखूआत्याच्या खिशाला लावले होते. शाई गळवायची कल्पना तिची स्वतःची होती. लेखकांनी अडाणीपणाचा विनोद नंतर लिहिला, तिच्या त्या डागावरूनच. एवढं सगळं तिला कोणाला सांगता येईना. तिनं तो अर्ज घेतला आणि भरून दिला.

जानेवारीपर्यंत जखम भरली. दवाखान्यातून दिलेल्या मापानं निशिगंधानं यवतमाळहून रुंद तोंडाचे, आतून मऊ असे खास बूट बनवून आणले. काळे, साधे. इंदुताईनं ते उलटसुलट पाहिले. डॉक्टरांचं नाव सांगितलं म्हणून घातले. पण शर्ट तिनं पुन्हा कधीच घातला नाही. वावरात जाताना आता ती साडीवर बाजारातलं एप्रन बांधते, इतर बाया बांधतात तसलं. बाजाराला आधी घरी येऊन, साडी बदलून जाते. उन्हाळ्यात मालिका संपली, लोक तिला विसरले. फक्त बाजारातली एक भाजीवाली म्हातारी अजून इंदुताईला बूटवाली म्हणते. ती टीव्ही पाहत नाही, तिला ते नाव कुठून आलं हेही माहीत नाही, ती मायेनं म्हणते. इंदुताई ओ देते.

निशिगंधा मुंबईला परत गेली ती फेब्रुवारीत. दीड वर्ष तिनं ऐतिहासिक मालिका, जाहिराती असलंच काम घेतलं, जिथं कोणा जिवंत माणसाकडे पाहावं लागत नाही. मग एक सिनेमा आला, कोळसा खाणीतल्या कामगारांवरचा. दिग्दर्शिकेनं तिला मुद्दाम बोलावलं, कारण ती वणीची. ती नाही म्हणणार होती. पण हेच काम तिला येत होतं, दुसरं येत नव्हतं.

ती वणीजवळच्या, कोळसा खाणींच्या राजूरला गेली. तिथं भीमराज नावाचे निवृत्त खाणकामगार भेटले. त्यांनी गमबूट, कमरेचा रुंद पट्टा, मानेला बांधायचा दुपट्टा, सगळं बाहेर काढून खाटेवर मांडलं. दुपट्ट्याला एका टोकाशी गाठ होती. कशाची, ते तिनं विचारलं. खाली उतरल्यावर घाम डोळ्यांत जातो, अंधारात हात लावला की कोरडं टोक कळावं म्हणून, असं त्यांनी सांगितलं. तिनं लिहून घेतलं. मग वही मिटली.

"काका, मी हे सिनेमात वापरू शकते. पण तुम्ही नाही म्हटलं तर नाही वापरणार. आधी नीट ऐकून घ्या, लोक कधीकधी..."

"घ्या ना!" भीमराज तिचं वाक्य पूर्ण होण्याआधीच म्हणाले. "आपला दुपट्टा सिनेमात! यात विचारायचं काय?" त्यांनी घरात हाक मारून चहा टाकायला सांगितलं.

परवानगी घेतली की मन हलकं होईल, असं धरून ती तिथं आली होती. पण त्यांचा फुललेला चेहरा पाहून तिला घाबरायला झालं. तिथून ती बसनं मुकुटबनला गेली. इंदुताई ओसरीवर कोणाचा तरी अर्ज भरत होती. निशिगंधा बाजूला बसली, राजूरला काय झालं ते थोडक्यात सांगितलं आणि दीड वर्ष मनात असलेला प्रश्न तिनं विचारला.

"आत्या, तेव्हा मी तुला विचारलं असतं, तर तू काय म्हटलं असतंस?"

इंदुताईनं पेन थांबवला. "घेऊन जाय म्हटलं असतं. तुले कधी नाही म्हटलं का मी?"

"म्हणजे तरी तेच झालं असतं."

"झालं असतं," इंदुताई म्हणाली. "म्हणून मी हो म्हटल्यावर तर तुले जास्तच सांभाळा लागलं असतं." तिनं अर्जावर मान खाली घातली, मग वर न पाहता विचारलं, "त्या राजूरच्या माणसाचं नाव काय म्हटलं?"

निशिगंधानं नाव सांगितलं. भीमराज. त्यांना दोन नातवंडं आहेत, गुडघे दुखतात, चहात साखर जास्त लागते, दुपट्ट्याला गाठ का मारतात. इंदुताई ऐकत होती आणि मधूनमधून, अजून काय, अजून काय, म्हणून विचारत होती.